धामण पाळायची तर बांधावर पाळा



लागणीच्या नोंदी आणि उसाची पाहणी या निमित्ताने शेतकी खात्याचे आम्ही सर्व कर्मचारी कार्यक्षेत्रात रोज हिंडत असतो. उसाबरोबर इतरही पुष्कळ गोष्टी नजरेस पडतात. वैजापूर तालुक्यातल्या दोन-तीन वस्त्यांवर अलीकडे जे दिसले त्याबद्दल चार शब्द लिहिणे आम्हाला जरूर वाटते.

एके ठिकाणी तरण्या पोरांनी उसात सापडलेली धामण धरून पाण्याच्या वीस लिटरच्या जारमध्ये ठेवली होती. झाकणाला खिळ्याने भोके पाडलेली. विचारले तर उत्तर तयार होते, "साहेब, बिनविषारी हाय. लोक कुत्री पाळत्यात, आम्ही धामण पाळली." दुसऱ्या वस्तीवर हौस नव्हती, हिशेब होता. मका भरलेल्या खोलीत उंदीर फार झाले म्हणून मालकांनी धामण आणून आत सोडली आणि दाराखालची फट पोते कोंबून बंद केली. धामण उंदीर खाते हे त्यांना ठाऊक. दिसताक्षणी काठी घालण्याऐवजी तिला कामाला लावली, म्हणजे आपण शहाणपणच केले असे त्यांचे म्हणणे पडले.

मारण्यापेक्षा हे बरे, यात शंका नाही. ज्या घरात साप म्हटला की कुदळ-फावडे निघायचे, तिथे आज "धामण आहे, राहू द्या" असे म्हणणारा एकतरी माणूस असतो, ही चांगलीच सुधारणा आहे. पण राहू देणे वेगळे आणि कोंडून ठेवणे वेगळे.

साप पाळण्याचे हे खूळ आपल्या मातीतले नाही. अमेरिकेत 'कॉर्न स्नेक' नावाचा एक बिनविषारी साप आहे. कॉर्न म्हणजे आपला मका. मक्याच्या कोठारात उंदरांच्या मागे हा साप सापडायचा म्हणून हे नाव पडले असे काही सांगतात. त्याच्या पोटावरची काळी-पांढरी नक्षी रंगीत मक्याच्या दाण्यांसारखी दिसते म्हणून पडले, असे दुसरे म्हणतात. चार-पाच फुटांचा, नारिंगी-तांबूस, स्वभावाने थंड. तिकडे पिढ्यान्पिढ्या पिंजऱ्यातच पैदास होत आलेली, त्यामुळे तो माणसाच्या हाताला सरावला आहे. ती हौस आता मुंबई-पुण्याकडेही आली आहे. डिसेंबर २०२३ मध्ये मुंबई विमानतळावर बँकॉकहून आलेल्या एका प्रवाशाच्या सामानात केक-बिस्किटांच्या पाकिटांत दडवलेले ११ साप महसूल गुप्तचर खात्याने पकडले, त्यांत दोन कॉर्न स्नेक होते. आपली पोरे मोबाईलवर पाहतात ते हेच परदेशी साप, गळ्यात घातलेले, हातावर खेळवलेले. आणि उसातून धरून आणतात ती धामण.

धामणीचा स्वभाव याच्या अगदी उलट. ती चपळ आणि बुजरी. दिवसा हिंडणारी, मोठाल्या डोळ्यांची, हालचाल पाहताच वाऱ्यासारखी पळणारी. सहा-सात फुटांची धामण आपल्याकडे सर्रास दिसते. कोंडली की ती जाळीवर, काचेवर धडका देते, नाकाड घासून रक्तबंबाळ करून घेते, आणि पुष्कळ वेळा खाणेच सोडते. दूध ठेवून उपयोग नाही. कोणताही साप दूध पीत नाही. गारुड्याचा साप दुधाला तोंड लावतो तो आठ-आठ दिवस पाण्यावाचून तहानलेला असतो म्हणून. जारमधली धामण पंधरा दिवस हलली नाही की पोरे म्हणतात "माणसाळली". माणसाळलेली नसते, ती मरायला टेकलेली असते.

त्या मक्याच्या खोलीचेही तेच. दार बंद, पाणी नाही, दडायला बीळ नाही. साप काही मांजर नव्हे की रोज दोन-चार उंदीर मारून दाखवील. एकदा पोट भरले की तो पुढे कितीतरी दिवस खात नाही. खोलीतला उंदीर कमी करायचा तर पिंजरा लावा, भिंतीची बिळे काचेचे तुकडे आणि सिमेंट घालून बुजवा, पोती फळ्यांवर ठेवा, मांजर असू द्या. धामण तिथे आपल्या पायाने आली आणि आपल्या पायाने गेली (पाय नाहीत तिला, पण बोलण्याची रीत), तर तिच्यासारखा राखणदार नाही. दार मात्र उघडे हवे.

आता कायद्याचे बोलू. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ चा. त्याला २०२२ मध्ये दुरुस्ती झाली, ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे. या दुरुस्तीनंतर धामण पहिल्या अनुसूचीत गेली. म्हणजे ज्या यादीत वाघ आणि बिबट्या, त्याच यादीत जारमधली ही धामण. तिला धरणे, कोंडून ठेवणे, मारणे हा गुन्हा असून शिक्षा किमान तीन वर्षे, सात वर्षांपर्यंत, वर दंड. बिबट्या पिंजऱ्यात ठेवायचे कुणाच्या मनातही येत नाही. धामणीला मात्र कुणी कायदा लावील हे पटत नाही. त्यातून पोरे स्वतःच चित्रफीत काढून गावभर पाठवतात. पुरावा हातानेच तयार.

कुणी म्हणेल, बत्तीस शिराळ्याला नागपंचमीला नाग धरून मडक्यात ठेवायचे, ते कसे चालायचे? चालत होते, पण २०१४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर जिवंत नागांचे खेळ आणि मिरवणुका थांबल्या. २०२५ च्या नागपंचमीला केंद्र सरकारने २१ नाग पकडायला परवानगी दिली ती फक्त शैक्षणिक कारणासाठी. जिथे एवढी जुनी परंपरा आहे, तिथेही मोजून-मापून.

याहून चांगले उदाहरण आपल्याच सहकारातले आहे. तमिळनाडूत चेन्नईजवळ इरुळा आदिवासींची साप पकडणाऱ्यांची सहकारी संस्था १९७८ पासून चालू आहे. त्याआधी हे लोक सापांच्या कातड्यावर जगत. धामणीचे कातडे लांब-रुंद, त्याला परदेशात मोठी मागणी. १९७६ मध्ये कातड्याच्या निर्यातीवर बंदी आली आणि त्यांची पोटापाण्याची पंचाईत झाली. तेव्हा रोम्युलस व्हिटेकर यांच्या पुढाकाराने ही संस्था उभी राहिली. सभासद परवान्यावर नाग, मण्यार, घोणस, फुरसे पकडून आणतात, संस्था त्यांना मडक्यांत ठेवते, काही आठवडे विष काढते आणि साप पुन्हा रानात सोडते. त्याच विषापासून सर्पदंशाची लस तयार होते. पिढीजात हात बसलेले, परवाना असलेले हे लोक. तेही साप कायमचा ठेवून घेत नाहीत.

हात बसण्यावरून मुख्य गोष्ट आली. जारमधली ती खरोखर धामणच होती. पण पाचटात निम्मा दिसणारा, फणा न काढलेला नाग आणि धामण यांत घाईत फरक करता येत नाही. नाग काही दर वेळी फणा उभारून ओळख देत नाही. धामणीचे डोळे मोठे, ओठांवर काळ्या उभ्या रेघा, शेपटीकडच्या भागावर काळ्या जाळीसारखे पट्टे. हे सगळे खरे, पण पाहायला उजेड आणि सवड लागते. शिवाय डिवचली की धामणही मान फुगवून घुमल्यासारखा आवाज काढते, तेव्हा भलेभले फसतात. चार वेळा धामण धरून भीड चेपली, की पाचव्या वेळी हात नागावर पडतो. पोरांच्या आईबापांनी एवढे एक ध्यानात घ्यावे. चुकून दंश झालाच तर घट्ट दोरी बांधणे, ब्लेडने चिरणे, देवाला नेऊन बसवणे यातले काही करू नये. माणसाला धीर देऊन, हात-पाय न हलवता थेट वैजापूरचे उपजिल्हा रुग्णालय गाठावे. १०८ ला फोन करावा.

मग धामण नकोच का? हवी. उसात तर हवीच. उंदीर आणि घुशी बुडाच्या कांड्या कुरतडतात. कुरतडलेल्या जागेतून रोग शिरतो, कांडी आंबते, उतारा पडतो. लोळलेल्या उसात तर त्यांना घर मिळते. मादी तीन आठवड्यांत विते, आणि तुम्ही झिंक फॉस्फाईडचे आमिष टाकले तरी एकदा पोट दुखले की बाकीचे उंदीर त्याला तोंड लावत नाहीत. (म्हणून आधी दोन-तीन दिवस बिनविषाचे आमिष टाकायचे, हे आम्ही गटसभेत दरवेळी सांगतो.) घुबड उंदीर वरून धरते, मांजर बिळाच्या तोंडाशी बसते. धामण मात्र बिळात शिरून पिलांसकट खाते. एक धामण असली म्हणजे उंदीर संपले असे आम्ही म्हणत नाही. पण ती गेली की काय होते ते ज्याने बांधावरच्या घुशींची बिळे मोजली आहेत, त्याला विचारा.

तिच्याबद्दल म्हातारी माणसे जे सांगतात, की धामण म्हशीच्या पायाला वेढा घालून दूध पिते, बैलाच्या नाकात शेपूट घालते, ती नागाची मादी असते, त्यात काडीचे तथ्य नाही. धामणीत नर वेगळा, मादी वेगळी. दोन लांबडी एकमेकांना पिळा घालून उभी राहिलेली दिसतात ते बहुधा दोन नर झुंजत असतात.

खरी अडचण पुढे आहे. धामणीला राहायला आपण जागा ठेवली आहे का? बांध दरवर्षी नांगराने कोरत कोरत एका पावलाचा राहिला. त्यावरचे गवत तणनाशकाने जाळले. तोडणी झाली की पाचटाला काडी. विचारले तर म्हणतात, "साहेब, पाचट ठेवलं की साप व्हत्यात." हे अर्धे खरे आहे. आच्छादनात उंदीर येतो आणि त्याच्या मागे साप येतो. पण म्हणून हेक्टरी ८ ते १० टन पाचट, म्हणजे तेवढे सेंद्रिय खत, जाळून टाकायचे? आणि आगीत उंदीर कितीसे मरतात? ते बिळात खोल बसतात. भाजून निघते ती पाचटातली धामण, तिची अंडी. आठवड्याने खोडव्याला कोंब फुटतात, आणि ते खायला उंदीर जिवंत असतो. ज्यांना सापाची धास्ती आहे त्यांनी पाचटाची कुट्टी करून सरीत दाबावी, वस्तीजवळचा दहा-पंधरा फुटांचा पट्टा मोकळा ठेवावा, रात्री पाणी धरायला जाताना बूट आणि बॅटरी घ्यावी. नागपंचमीला आपण नांगर धरत नाही, तवा ठेवत नाही. मग बाकीच्या ३६४ दिवसांत बांधावर चार फूट गवत ठेवायला काय जड आहे?

ज्यांच्याकडे आज जारमध्ये किंवा खोलीत धामण आहे त्यांनी ती लांब नेऊन सोडण्याच्या फंदात पडू नये. अनोळखी रानात तिला ना बीळ ठाऊक ना पाणी. वन खात्याला १९२६ या क्रमांकावर कळवावे, ते माणूस पाठवतील.

आणि तोडणी सुरू होण्याआधी एक करता येण्याजोगे आहे. फड तोडताना टोळीने रस्त्याच्या बाजूने सुरुवात करून बांधाच्या दिशेने यावे, शेवटच्या चार सऱ्या बांधालगतच्या ठेवाव्यात. चारी बाजूंनी तोडत मध्ये आलो की सगळी जनावरे मधल्या तुकड्यात गोळा होतात, आणि तिथेच तोडणारणीचा हात पडतो. बांधाकडे वाट मोकळी राहिली की ती निघून जातात. मुकादमांना हे आमचे चिटबॉय सांगतीलच, पण फडात उभे राहून मालकांनी सांगितले तर ते लवकर ऐकतात.