लाडू, आकाशकंदील आणि ग्रहण

२०२२ सालची दिवाळी आठवते ना? २४ ऑक्टोबरला लक्ष्मीपूजन झाले; पाडवा व भाऊबीज मात्र २६ तारखेस एकाच दिवशी आली. मधल्या २५ तारखेला सूर्यग्रहण लागले आणि आपल्याकडे सूर्य ग्रासलेलाच मावळला. ‘अमावास्या तर दर महिन्याला येते, मग ग्रहण का येत नाही?’ असे घरातल्या चिरंजीवांनी विचारले असेल, तर प्रश्न अगदी रास्त होता. त्याचे उत्तर फराळाच्या ताटात आहे.

गॅलरीतला आकाशकंदील हा सूर्य, आपले डोके ही पृथ्वी आणि हातातला बेसनाचा लाडू हा चंद्र. लांब उभे राहून, एक डोळा मिटून लाडू कंदिलाच्या आड धरा. कंदील झाकला गेला, हे सूर्यग्रहण! खरा सूर्य चंद्राच्या सुमारे ४०० पट मोठा, पण जवळजवळ तितक्याच पट दूर. म्हणून एवढासा चंद्र त्याला झाकू शकतो. आता कंदिलाकडे पाठ करून लाडू समोर धरा. डोक्याची सावली लाडवावर पडली, की चंद्रग्रहण. ते पौर्णिमेलाच व्हायचे. २०२३ साली तर ते ऐन कोजागिरीच्या रात्री झाले.

पुन्हा कंदिलाकडे वळा आणि लाडू जरासा वर उचला. कंदील दिसू लागला! चंद्राची वाट सूर्याच्या वाटेशी सुमारे ५ अंशांनी कललेली आहे आणि सूर्यबिंब जेमतेम अर्ध्या अंशाचे. म्हणून बहुतेक अवसांना चंद्र सूर्याच्या वरून किंवा खालून निसटतो. या दोन वाटा जिथे छेदतात, त्या बिंदूंनाच पंचांगात राहू व केतू म्हणतात. सूर्य त्यांच्याजवळ असताना अवस किंवा पुनव आली, तरच ग्रहण.

हा मेळ १८ वर्षे, १०-११ दिवस व सुमारे ८ तासांनी पुन्हा जमतो. २४ ऑक्टोबर १९९५ रोजी, दिवाळीतच, राजस्थानातील नीम का थाना येथून खग्रास ग्रहण दिसले. त्याच मालिकेतले पुढचे ३ नोव्हेंबर २०१३ रोजी, लक्ष्मीपूजनाच्या दिवशी झाले; पण वरच्या आठ तासांत पृथ्वी एक-तृतीयांश फिरल्यामुळे ते आफ्रिकेच्या वाट्याला गेले. यानंतरचे नोव्हेंबर २०३१ मध्ये, पुन्हा दिवाळीतच, पण पॅसिफिक महासागरावर!

ज्याची वेळ इतकी आधी सांगता येते, त्याचे भय कशाला? सुनेला दिवस गेले आहेत म्हणून तिला अंधाऱ्या खोलीत बसवू नका, शिजवलेले अन्न टाकू नका. जपायचे ते डोळे. सूर्यग्रहण नुसत्या डोळ्यांनी, काजळी धरलेल्या काचेतून किंवा जुन्या एक्स-रे फिल्ममधून मुळीच पाहू नका. पुठ्ठ्याला टाचणीने भोक पाडा, सूर्याकडे पाठ करा आणि भोकातून भिंतीवर पडणारी सूर्याची कोर मुलांना दाखवा. चंद्रग्रहण मात्र खुशाल उघड्या डोळ्यांनी पाहा.

प्रयोग संपल्यावर चंद्राचे काय करायचे, हे मुलांना सांगावे लागणार नाही!