हिरोचा रोल नाही मिळाला?

गॅदरिंगच्या नाटकात हिरोचा रोल दुसऱ्याला गेला म्हणून रुसून बसलात? मग चामोर्शीहून आपल्याच जिल्ह्यातल्या गुरनोलीकडे बघा. तिथले परशुराम खुणे झाडीपट्टी रंगभूमीवर गाजले ते विनोदी भूमिकांसाठी. तब्बल ८०० भूमिका, ५००० हून जास्त प्रयोग! दिवाळीनंतर आपल्याकडे नाटकांचा हंगाम लागतो. रात्री उघडलेला पडदा पहाटेच पडतो. थंडीत पेंगुळलेल्या मंडपाला तेव्हा जागं ठेवतो तो विनोदी नटच. २०२३ मध्ये खुणेंना पद्मश्री मिळाली. तुमच्या वाट्याला तीनच वाक्यं आलीत? असू द्या. ती चोख पाठ करा आणि उद्या तालमीला सगळ्यांच्या आधी पोहोचा.