पराक्रमाची उघडी परीक्षा

चित्रपटातील नायकाने दहा जणांना लोळवावे, कड्यावरून उडी घ्यावी आणि डोक्यावरचा केसही विस्कटू न देता पुढच्या प्रसंगाला सिद्ध व्हावे, हे पाहण्याची आपल्याला इतकी सवय झाली आहे, की त्यात काही वावगे आहे असे कोणाला वाटेनासे झाले आहे. प्रत्यक्षात उडी घेणारा बहुधा दुसराच कोणी असतो, कडा लाकडाचा आणि प्लास्टरचा असतो, आणि उडी फसली तर ती पुन्हा घेण्याची मुभा असते, हे आता शाळकरी पोरालाही ठाऊक आहे. तरीही प्रेक्षक टाळ्या वाजवतो. कारण पडद्याशी त्याने केलेला तो एक मूक करार आहे. शंका काढायची नाही आणि पुरावा मागायचा नाही, ही त्या करारातील मुख्य अट. या अटीच्या आधारावर जगभरचे अनेक नट आयुष्यभर वीर म्हणून मिरवत असतात. एखाद्या नटाने मात्र आपण होऊन हा करार बाजूला ठेवला आणि आपली परीक्षा उघड्यावर होऊ दिली, तर काय होते? जपानमध्ये नावारूपास आलेल्या केन कोसुगी या नटाची कारकीर्द हे या प्रश्नाचे एक मननीय उत्तर आहे.

केन कोसुगीचा जन्म १९७४ सालचा, अमेरिकेतील लॉस एंजेलिस येथला. त्याचे वडील शो कोसुगी हे जपानहून अमेरिकेत जाऊन स्थायिक झालेले. १९८१ च्या ‘एंटर द निंजा’पासून अमेरिकेत निंजापटांची जी लाट उसळली, तिचे ते एक प्रमुख नट होते. १९८३ च्या ‘रिव्हेंज ऑफ द निंजा’ या चित्रपटात आठ-नऊ वर्षांचा केन पडद्यावरही त्यांचाच मुलगा म्हणून दिसला. पुढे तरुणपणी त्याने जपानमध्ये आपले बस्तान बसवले. १९९४ च्या ‘निंजा सेन्ताई काकुरेंजर’ या बालप्रिय मालिकेत काळ्या वेषातील निंजाची भूमिका त्याच्या वाट्याला आली, आणि २००४ च्या ‘गॉडझिला : फायनल वॉर्स’सारख्या चित्रपटातही तो झळकला. शक्तिवर्धक पेयाच्या ज्या जाहिरातींत पीळदार तरुण कड्यांना लोंबकळत एकमेकांना हात देतात, त्यांतही जपानी जनतेने त्याला पाहिले. थोडक्यात सांगायचे तर वीर दिसणे हा त्याच्या घराण्याचाच व्यवसाय. तो निष्ठेने करीत राहिला असता, तरी त्याला काही कमी पडले नसते.

परंतु केन कोसुगीचे नाव जपानमध्ये घरोघर पोहोचले ते केवळ भूमिकांमुळे नव्हे. टीबीएस या दूरचित्रवाणी संस्थेने १९९० च्या दशकात अंगबळाच्या स्पर्धांचे कार्यक्रम मोठ्या प्रमाणावर सुरू केले. ‘सर्वश्रेष्ठ क्रीडापटू कोण’ हे ठरवणाऱ्या अशाच एका मालिकेत कलावंतांसाठी स्वतंत्र स्पर्धा होत असे. एकावर एक रचलेल्या लाकडी पेट्या हात टेकून ओलांडणे, दुरून पडणारा चेंडू जमिनीला लागण्यापूर्वी धावत जाऊन स्पर्शणे, असे त्यातील खेळ. येथे कॅमेरा होता, पण कॅमेऱ्याची करामत नव्हती. पेटी ओलांडली तर ओलांडली, नाही तर सर्वांदेखत कोसळली. या स्पर्धांचे अजिंक्यपद केनने एकाहून अधिक वेळा मिळवले, आणि पडद्यावरचे त्याचे बळ उसने नाही याची साक्ष पटली.

खरी कसोटी मात्र ‘सासुके’ या स्पर्धेची. सप्टेंबर १९९७ मध्ये तिला आरंभ झाला. सारुतोबी सासुके हा जपानी लोककथांतील निंजा. १९१० च्या दशकात ओसाकातील ‘ताचिकावा बुंको’ या स्वस्त पुस्तकमालेने त्याला लहानथोरांच्या ओठी नेऊन बसवले. त्याचेच नाव या स्पर्धेला दिले गेले. योकोहामाजवळच्या मिदोरियामा येथील चित्रीकरण-आवारात लोखंड, लाकूड आणि दोरखंड यांची एक प्रचंड वाट उभारली जाते. बहुधा शंभर स्पर्धक ठरलेल्या क्रमाने एकेक करून त्या वाटेवर निघतात. एकूण टप्पे चार. पहिल्या दोहोंत घड्याळ मागे लागलेले असते. वर वळत गेलेली उंच गुळगुळीत भिंत धावत चढावी लागते, ती याच भागात. तिसऱ्या टप्प्यात घड्याळ नसते, पण पायांखाली जमीनही नसते. बोटांच्या पेरांपुरत्या कडांना लोंबकळत केवळ हातांच्या बळावर पुढे सरकावे लागते. आणि अखेरीस मनोरा. आरंभीच्या स्पर्धांत तेथे सुमारे १५ मीटरांचा दोर ३० सेकंदांत चढून जायचा असे. वाटेत कोठेही हात निसटला की खाली पाणी. पाण्यात पडला, की स्पर्धा संपली. पुन्हा संधी नाही, पंचांकडे दादही नाही.

आपल्याकडच्या वाचकांना यावरून ‘टाकेशीज कॅसल’ची आठवण होणे स्वाभाविक आहे. १९८६ साली सुरू झालेला तो कार्यक्रम त्याच टीबीएसचा, आणि जावेद जाफरी यांच्या हिंदी समालोचनासह तो पोगो वाहिनीवर लागू लागल्यावर आपल्या घरांतील मुलांनी आणि मुलांच्या निमित्ताने मोठ्यांनीही तो हसतहसत पाहिला. पण या दोहोंतील भेद मूलभूत आहे. तेथे माणूस चिखलात पडतो ही गंमत असते. पडणे हाच त्या खेळाचा हेतू. सासुकेमध्ये माणूस पडतो तेव्हा काठावरचे स्पर्धक हळहळतात. कारण तेथे एकाचे पडणे हा दुसऱ्याचा लाभ नसतो. शंभरांपैकी सर्वांनी मनोरा गाठला तरी नियमाला ते चालते, आणि एकानेही गाठला नाही तरी चालते. प्रतिस्पर्धी माणूस नाही, वाट आहे. स्पर्धा म्हटली की दुसऱ्याला मागे सारणे, एवढाच अर्थ ज्यांच्या मनावर बिंबला आहे, त्यांनी या साध्या नियमाचा विचार करावा.

या वाटेवर केन कोसुगी उभा राहिला, तो शेजारी पेट्रोल पंपावरचा नोकर, अग्निशमन दलाचा जवान, कोळी आणि कारखान्यातला कामगार यांना घेऊन. त्याच्यासाठी भिंत बुटकी केली गेली नाही, की घड्याळाचे काटे संथ झाले नाहीत. २००१ सालच्या आठव्या स्पर्धेत तर सगळ्या स्पर्धकांत तोच सर्वांत पुढे गेला. बाकीचे एकामागून एक गळाले, आणि अखेर वाटेवर उरला तो एकटा नट. लेखकाने कथा लिहिली असती तर ती येथे मनोऱ्याच्या माथ्यावरच संपली असती. चित्रपट असता तर दिग्दर्शकाने दुसरे काही होऊच दिले नसते. पण तसे झाले नाही. तिसऱ्या टप्प्यातच त्याचाही प्रवास संपला. मनोऱ्याच्या पायथ्यालाही त्याचा हात लागला नाही, आणि त्या वर्षीच्या त्या स्पर्धेला विजेताच मिळाला नाही.

आमच्या मते केन कोसुगीच्या साऱ्या कारकिर्दीतील हा सर्वांत मोलाचा क्षण होय. ज्याची उपजीविका अजिंक्य दिसण्यावर चालते, त्याने लाखो लोकांसमोर पराभूत दिसण्याचा धोका पत्करला. त्यात त्याने काय गमावले? काहीच नाही. उलट त्याचे पडद्यावरचे शौर्य त्यानंतर अधिक विश्वसनीय झाले. जो कधीच हरत नाही त्याचे बळ किती, हे कोणी सांगू शकत नाही. जो एका ठरावीक ठिकाणी हरला, त्याचे बळ तेथवर होते हे निश्चित कळते. सत्यामुळे माणसाची उंची कमी होत नाही, ती केवळ मोजता येते. आणि मोजमापाला भिणारी थोरवी फार काळ टिकत नाही.

मग मनोऱ्याच्या माथ्यावर पोहोचले कोण? १९९९ साली चौथ्या स्पर्धेत प्रथमच हे यश मिळवणारा काझुहिको आकियामा हा खेकडे पकडणारा कोळी. त्याची दृष्टी मुळातच अधू. दुसरा माकोतो नागानो हा मियाझाकीकडच्या मासेमारी बोटीचा तांडेल. समुद्रावर काम करताकरताच बोटीवरच्या साधनांनी त्याने शरीर घडवले, एकदा अगदी थोडक्यात हुकला, आणि २००६ साली सतराव्या स्पर्धेत वर पोहोचला. तिसरा युजी उरुशिहारा हा जोडे विकणारा विक्रेता. त्याने २०१० आणि २०११ अशी दोन वेळा वाट पूर्ण केली. चौथा युसुके मोरिमोतो हा संगणक-अभियंता. त्याने २०१५ आणि २०२० मध्ये तेच केले. म्हणजे पहिल्या अडतीस स्पर्धांत सहा विजय, तेही अवघ्या चार माणसांचे. उरलेल्या बत्तीस स्पर्धांत विजेताच नाही. या चौघांत नट एकही नाही. दिवसभर पोटासाठी राबून उरलेल्या वेळात ज्यांनी तयारी केली, त्यांनाच मनोरा वश झाला.

यावरून नटाला कमी लेखावे असे मात्र कोणी समजू नये. किंबहुना नामवंत नटाने आपण होऊन त्या रांगेत उभे राहणे, ही त्या कोळ्याच्या आणि विक्रेत्याच्या यशाची शोभा वाढवणारी गोष्ट आहे. प्रतिष्ठित माणसे परीक्षेला बसतच नसतील, तर सामान्यांच्या उत्तीर्ण होण्याला जग हौस म्हणून सोडून देते. ती बसतात आणि त्याच नियमाने मागे पडतात, तेव्हाच श्रमाला खरी प्रतिष्ठा लाभते. समतेवर व्याख्याने पुष्कळ होतात. आरंभरेषा सर्वांना एकच असणे आणि पाणी सर्वांना सारखेच थंड असणे, हे तिचे प्रत्यक्ष रूप.

अर्थात या चित्राची दुसरी बाजू दृष्टीआड करून चालणार नाही. दूरचित्रवाणी ही काही व्यायामशाळा नव्हे. तिला प्रेक्षक हवा असतो, आणि प्रेक्षकाला दर वेळी आधीपेक्षा अधिक काही हवे असते. सासुकेचा जन्म ‘किन्निकु बान्झुके’ या ज्या कार्यक्रमातून झाला, तो कार्यक्रम २००२ साली बंद करावा लागला. चित्रीकरणाच्या वेळी तरुण स्पर्धकांना गंभीर इजा झाल्या, हे त्याचे कारण. मनोरंजनासाठी माणसाचे हाडमांस पणाला लावण्याचा अधिकार कोणत्याही वाहिनीला नाही, आणि स्पर्धकाची संमती हे त्याचे समर्थन होऊ शकत नाही. या वाटेचे वेड लागून चालत्या उपजीविकेवर पाणी सोडलेला स्पर्धकही जपानने पाहिला आहे. ध्यास ही मोठी गोष्ट खरी. पण ज्या ध्यासाला घरची चूल दिसेनाशी होते, त्याचे कौतुक करताना समाजाने आपली जबाबदारी ओळखली पाहिजे.

हा खेळ की नुसता तमाशा, असाही प्रश्न केला जातो. त्याचे उत्तर अनपेक्षित दिशेने आले आहे. १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकपासून चालत आलेल्या आधुनिक पंचक्रीडेत घोडेस्वारीला मानाचे स्थान होते. २०२१ मध्ये टोकियो येथे एका बिथरलेल्या घोड्याला मिळालेल्या वागणुकीवरून जगभर संताप उसळला, आणि त्या क्रीडासंघटनेने घोडेस्वारी वगळून तिच्या जागी अडथळ्यांची शर्यत आणण्याचे ठरवले. तीही सासुकेच्या धर्तीची. २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये हा बदल अमलात यावयाचा आहे. ज्या शहरात केन कोसुगी जन्मला, त्याच शहरात या वाटेला ऑलिंपिकचा टिळा लागावा, हा योगायोग मोठा रम्य आहे.

तेव्हा या सगळ्यातून घ्यावयाचे काय? शरीर कमवावे, हा उपदेश जुनाच आहे आणि तो योग्यही आहे. पण सासुकेच्या संयोजकांची एक गोष्ट आम्हांला त्याहून महत्त्वाची वाटते. वर्षानुवर्षे विजेता मिळाला नाही म्हणून त्यांनी वाट सोपी केली नाही. उलट कोणी ती पूर्ण केली, की पुढच्या वेळी ती नव्याने आणि अधिक कठीण करून बांधली. निकाल चांगला दिसावा म्हणून कसोटीच सैल करण्याचा मोह शिक्षणसंस्थांपासून सरकारी कचेऱ्यांपर्यंत सर्वत्र बळावत असताना, हे उदाहरण शिक्षकांनी, कारकुनांनी आणि विशेषतः विद्यार्थ्यांनी ध्यानात ठेवण्याजोगे आहे. सैल कसोटीत मिळालेले यश हे चित्रपटातील कड्यासारखे असते. दुरून भव्य, हात लावला की प्लास्टर. कठीण कसोटीतील अपयश तसे नसते. केन कोसुगीला मनोरा मिळाला नाही. पण आपला हात नेमका कोठे सुटला हे त्याला ठाऊक झाले, आणि ते त्याने कोणापासून लपवले नाही. आपल्यापैकी किती जणांना आपल्याविषयी एवढे तरी खात्रीने सांगता येईल?