हुकूम झाला, पण नोंद?

मिताक्षरेनें व्यवहाराचे, म्हणजे न्यायालयीन वादाचे, चार पाद सांगितले आहेत: वादीचें कथन, प्रतिवादीचें उत्तर, प्रमाण आणि साध्यसिद्धि. हुकूमनामा हातीं पडला कीं चौथा पाद पुरा झाला, अशी आपल्या सुशिक्षित घरांतूनहि समजूत असते. वडिलोपार्जित जमिनीच्या बाबतींत ती खरी नाहीं. हुकुमाप्रमाणें गांवदप्तरांत नांव चढेपर्यंत साध्य अर्ध्यावरच राहतें.

कागदावरील नांवाची किंमत मुळशी तालुक्यानें पूर्वींच मोजली आहे. १९२१ सालीं टाटांच्या धरणाविरुद्ध तेथें सत्याग्रह झाला, तेव्हां मावळे पिढ्यान्‌पिढ्या कसत असलेल्या पुष्कळ जमिनी पुण्याच्या सावकारांच्या नांवें होत्या. मोबदल्याचा प्रश्न निघतांच नांववाले एकीकडे व नांगरवाले दुसरीकडे अशी फूट पडली. आज त्याच तालुक्यांत हिंजवडीच्या बाजूस जमिनीचे भाव अतोनात चढले आहेत. आणि आजोबा जाऊन दोन पिढ्या लोटल्या तरी सातबारा त्यांच्याच नांवें, अशीं घरें थोडीं नाहींत. मृतांच्या जागीं वारसांचीं नांवें लावण्यासाठीं राज्य सरकारास २०२५ सालीं ‘जिवंत सातबारा’ ही मोहीमच काढावी लागली.

कायदा सरळ आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६, हिच्या कलम १४९ प्रमाणें वारसानें तीन महिन्यांच्या आंत तलाठ्यास वर्दी द्यावयाची. तो फेरफार लिहितो, संबंधितांस नोटीस जाते, व हरकत नसल्यास मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. हरकत आली तर महसूल अधिकारी निर्णय देतो. नोंद म्हणजे मालकी नव्हे, हें सर्वोच्च न्यायालयानें वारंवार सांगितलें आहे. मालकीचा निवाडा दिवाणी न्यायालयाचा. परंतु कलम १५७ प्रमाणें विरुद्ध सिद्ध होईपर्यंत नोंद खरी मानली जाते, म्हणून खरेदीदार व बँक पहिल्यानें तीच पाहतात.

हुकूम होऊनहि नोंद होत नसेल तर काय करावें? हुकूम महसूल अधिकाऱ्याचा असल्यास प्रमाणित नक्कल जोडून वरिष्ठाकडे लेखी अर्ज करावा व पोंच घ्यावी. दाद न लागल्यास अनुच्छेद २२६ खालीं उच्च न्यायालयांत रिट अर्ज करतां येतो. त्या न्यायालयाचाहि हुकूम बुद्धिपुरस्सर मोडला, तर १९७१ चा अवमान कायदा आहे. त्यांत सहा महिन्यांपर्यंत साधी कैद होऊं शकते, मात्र एक वर्षाच्या आंत हालचाल करावी लागते. हुकूमनामा दिवाणी न्यायालयाचा असल्यास दरखास्त द्यावी. तिची मुदत साधारणतः बारा वर्षें. शेतसाऱ्याच्या जमिनीचें वांटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणें जिल्हाधिकाऱ्यामार्फत होतें, तेव्हां न्यायालयांतून कागद तिकडे गेले कीं नाहीं हें आपणच पाहावें.

बारा वर्षें ऐकून स्वस्थ मात्र बसूं नये. हिंदुस्थानांतील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असें प्रिव्ही कौन्सिलनें १८७२ सालींच म्हटलें होतें. दरखास्ती सहा महिन्यांत निकालांत काढाव्या असें सर्वोच्च न्यायालयानें बजावलें असतांनाहि २०२५ सालीं देशांत ८,८२,००० हून अधिक दरखास्ती तुंबल्या होत्या; त्यांत मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दींतील सर्वांत अधिक होत्या.

या विलंबाचा भार बहुधा बहिणीवर पडतो. २००५ च्या दुरुस्तीनें मुलीस जन्मतःच मुलाइतका हक्क दिला, आणि वडील त्या वेळीं हयात असण्याची अट नाहीं, हें २०२० सालीं सर्वोच्च न्यायालयानें स्पष्ट केलें. हुकुमानें भाग मिळतो. पण माहेर दुखावूं नये म्हणून ती दरखास्त देत नाहीं. भाऊ भला असला तरी त्याच्यामागून येणारा खरेदीदार त्याचा भलेपणा वाचीत नाहीं, सातबारा वाचतो. म्हणून ज्या घरांत असा हुकूमनामा पेटींत पडून असेल, तेथें भावानेंच पुढें होऊन बहिणीचें नांव लावून द्यावें. साध्यसिद्धीचा तेवढा पाद कोणाच्या सक्तीवांचूनहि पुरा करतां येतो.