शार्क मारणाऱ्यांची गोष्ट मुलांना सांगायची का?



‘समुद्राचे रक्षण’ हा निबंध घेताना मी वर्गात रॉन आणि व्हॅलरी टेलर या ऑस्ट्रेलियन जोडप्याची गोष्ट सांगतो. एका पालकांनी विचारलं, “सर, ते आधी शार्क मारायचे हे कशाला सांगता? नंतरचं चांगलं काम तेवढं सांगा ना.” माझं मत नेमकं उलटं आहे.

दोघंही पाण्याखाली भाल्याने मासे मारण्यात पटाईत. रॉन तर १९६५ साली या खेळात जगज्जेता झाला. कॅमेऱ्याला पाणी लागू नये म्हणून तो पेटी घरीच बनवायचा. साठच्या दशकाच्या सुरुवातीला त्याने बेन क्रॉप या शार्क शिकाऱ्याबरोबर ‘शार्क हंटर्स’ ही फिल्म केली. तेव्हाच्या शिकाऱ्यांकडे असा भाला असायचा की टोक शार्कला टेकलं की आतली गोळी उडायची. त्यात ग्रे नर्स जातीचे शार्क खूप मेले. शिकारी मात्र शूरवीर ठरले!

आता हा ग्रे नर्स बघा. तोंड मिटलं तरी दात बाहेर, म्हणून नरभक्षक ठरला. प्रत्यक्षात संथ प्राणी, छेडल्याशिवाय सहसा कोणाच्या वाटेला जात नाही. मादीला दोन गर्भाशयं असतात, आणि प्रत्येकात मोठं पिल्लू बाकीच्यांना खाऊन टाकतं. म्हणजे एका वेळी फार तर दोन पिल्लं. मारलेले भरून कधी निघणार? (इथे वर्ग एकदम शांत होतो.)

टेलर जोडप्याने पुढे भाला सोडला, कॅमेरा ठेवला. मला वाटतं, भाला मारायला क्षणभर बघणं पुरतं. चित्रण करायचं तर बघतच राहावं लागतं. १९७५ च्या ‘जॉज’साठी खऱ्या शार्कचं चित्रण त्यांनीच केलं, आणि मग ती नुसती कल्पित गोष्ट आहे हे लोकांना समजावत फिरावं लागलं तेही त्यांनाच! व्हॅलरीने ग्रे नर्ससाठी आवाज उठवला. १९८४ साली न्यू साउथ वेल्समध्ये त्याला कायद्याने संरक्षण मिळालं. असं संरक्षण मिळालेला जगातला तो पहिला शार्क.

आता सांगा, यातून शिकार वगळली तर उरतं काय? दोन जन्मजात चांगली माणसं. मुलं ती वहीत उतरवून घेतात आणि विसरतात.

यंदा मी विषय बदलून दिला : ‘तेव्हा मी त्या बोटीवर असतो तर...’ बहुतेकांनी लिहिलं, मी शार्कला वाचवलं असतं. एका मुलीने लिहिलं, “मी पण टाळ्या वाजवल्या असत्या, कारण सगळे वाजवत होते.” तिचा निबंध मी वर्गात मोठ्याने वाचून दाखवला.