गॅरंटी कोणाची?

आमच्या मिक्सरने परवा प्राण सोडला. वय वर्षे अकरा. माणसात म्हणाल तर मुंज आटोपलेली, मिसरूड फुटायची होती. दुरुस्तीवाल्याने त्याला उलटा केला, कानाशी धरून हलवला आणि हार्ट स्पेशालिस्टच्या चेहऱ्याने म्हणाला, "काका, यात राम नाही. मॉडेल बंद झालंय, पार्ट येत नाही. नवा घ्या."

नव्याला पाच वर्षांची गॅरंटी होती. "दहाची नाही का?" मी विचारलं. दुकानदाराने माझ्या पांढऱ्या केसांकडे बघितलं आणि मोठ्या आदबीने म्हणाला, "आजोबा, पाच पुष्कळ झाली की!"

इथे माझं डोकं फिरलं. हिशेब मिक्सरचा चाललाय, की माझा?

आमच्या घरी पितळेचा एक डबा आहे. त्यावर ठोक्याठोक्यांनी आजीचं नाव घातलंय, खाली साल १९३१. आजी जाऊन चाळीस वर्षं झाली, डब्यात अजून पोहे आहेत. (तिच्या वेळचे नव्हेत.) वस्तू माणसामागे उरायची, म्हणून तर तिच्यावर नाव घालायचे!

सगळंच नश्वर आहे, हे मला ऐकवू नका. मरणं वेगळं आणि ठरवून मारणं वेगळं. १९२४ साली बल्बच्या बड्या कंपन्यांनी जिनिव्हात संगनमत केलं : बल्ब हजार तासांत गेला पाहिजे, जास्त जगला तर कारखान्याला दंड! उलट कॅलिफोर्नियात लिव्हरमोरच्या अग्निशामक ठाण्यात १९०१ साली लावलेल्या दिव्याने शंभरी ओलांडली. तेव्हा आयुष्याची दोरी देवाच्या हाती असते, हे फक्त माणसांपुरतं खरं.

बरं, मेल्यावर तरी सुटका? माणसाची काही तासांत राख होते. मिक्सरचं प्लास्टिक माझ्या पणतवंडांच्या तेराव्यालाही हजर असेल.

मी अमरपट्टा मागत नाही. स्क्रू उघडावा, पार्ट मिळावा, दुरुस्तीवाल्याच्या चुलीवर भात शिजावा, एवढंच. माझ्या गुडघ्याची वाटी बदलून मिळते, मिक्सरची मोटर मिळत नाही, हा कुठला न्याय?

नवा मिक्सर मी घेतला नाही. जुना आमच्या सौ.ने निवडलेला होता, तीन दुकानदारांशी भांडून. ती तीन वर्षांपूर्वी गेली. तिची गॅरंटी कोणी दिली नव्हती, आणि मागून ठेवावी हे मलाही सुचलं नाही.

तो आता फळीवर, आजीच्या डब्याशेजारी आहे. काल खिळ्याने त्यावर तिचं नाव घालून पाहिलं. प्लास्टिकवर नीट उमटत नाही हो!