चेहरा आहे, नाव नाही

मोर्शी तालुक्यातील रिद्धपूर येथे तेराव्या शतकात म्हाइंभटांनी ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले. चक्रधरस्वामींच्या आठवणी मिळविण्यासाठी ते, ज्यांनी स्वतः पाहिले-ऐकले होते, त्यांच्याकडे गेले. म्हणूनच त्या ग्रंथात पंडितांच्या बरोबरीने साधीसुधी माणसेही नावानिशी भेटतात. त्यांचे चेहरे मात्र काळाने नेले.

चित्रफितीने याच्या नेमके उलट केले. सन १८९९ मध्ये हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्ती टिपली. तेथे नट नव्हते. पुंडलिक आणि कृष्णा न्हावी हे मल्ल स्वतःचीच कुस्ती लढले. त्या दोघांची नावे तरी इतिहासात राहिली. पुढे १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले आणि मुख्य खेळाआधी वृत्तपट दाखविणे चित्रपटगृहांना बंधनकारक झाले. धरणाचे उद्घाटन असो वा दुष्काळी काम, निवेदक मंत्र्यांचे नाव आदराने घेई. डोक्यावर पाटी घेतलेली स्त्री क्षणभर कॅमेऱ्याकडे पाही आणि निघून जाई. रोजमेळात रक्कम मांडावी आणि नाव सोडावे, तशी ही नोंद. ती खतावणीत कोणाच्या खात्यावर न्यावी?

सन्माननीय अपवादही आहेत. एस. एन. एस. शास्त्री यांनी १९६७ मध्ये ‘आय ॲम ट्वेंटी’ हा लघुपट केला. स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेले तरुण त्यात देशाविषयी मोकळेपणाने बोलतात. सरकारी संस्थेच्या पटात इतकी स्पष्ट नाराजी ऐकू यावी, याचे आजही नवल वाटते.

पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून अशा फिती सांभाळत आले आहे. थंड, कोरड्या कोठारात फीत टिकते. नाव टिकते ते ओळखणाऱ्या माणसाच्या स्मरणात, आणि तो माणूस दरवर्षी थोडा अधिक थकतो.

व्यापारी घरांतील कपाटांतही दुकानाच्या मुहूर्ताच्या, लग्नांच्या कॅसेटी पडून आहेत. त्यांत सेठजी मधोमध असतात, हारतुरे असतात. कडेला मात्र तराजूजवळ एक हमाल उभा असतो, गर्दीमागे पदर सावरणारी कोणी विधवा आत्या असते. तिला ओळखणारी आजी अजून घरात आहे. कॅसेट लावण्याचे यंत्र तेवढे बंद पडले आहे.